खुंटीवरचा कंदील

"हललं का?"

पेंटर भेटला की पहिलं हेच विचारायचा. कसे आहात नाही, चहा झाला का नाही. खिशातून काचेचे दोन तुकडे काढायचा, एकावर एक ठेवून उजेडाकडं धरायचा आणि अंगठ्यानं वरची काच हळूच सरकवायचा. खालच्या काचेवर बैलाचं धड, वरच्या काचेवर पाय. काच सरकली की बैल चालायला लागायचा, आणि चालता चालता त्याच्या शिंगांना पिंपळाची पानं फुटायची.

"हललं, बाबा, हललं," मी म्हणायचो. "आता दारातून बाजूला हो. मला मशीन चालू करायचंय."

सेलूच्या एका टॉकीजमध्ये मी ऑपरेटर होतो, म्हणजे वरच्या केबिनमध्ये बसून पिक्चर चालवणारा. पेंटर आमच्या स्लाइडी रंगवायचा. इंटरवलमध्ये पडद्यावर दुकानांच्या जाहिराती दिसायच्या ना, काचेवर काढलेल्या, त्या. त्याचं नाव मी लिहिणार नाही. गावात सगळे पेंटरच म्हणायचे. आणि मी तापट माणूस आहे, हेही आधीच सांगतो. ज्याला गोड आठवणी वाचायच्या असतील त्यानं इथूनच पान उलटावं.

त्याला सरळ चित्र येत नव्हतं असं नाही. येत होतं, पण काढायचा नाही. दाताच्या डॉक्टरनं स्लाइड सांगितली तर यानं दातांचं गाव काढलं. प्रत्येक दाताला दार-खिडकी, आणि एका सुळ्यावर बाई धुणं वाळत घालतेय. कापडवाल्याच्या स्लाइडमध्ये लुगडं नदी होऊन वाहत होतं आणि त्यात फेटे बांधलेले मासे. खतवाल्यानं ज्वारीचं कणीस मागितलं, तर यानं दाण्यादाण्याला डोळा काढला. खतवाला तणतणत केबिनपर्यंत चढून आला. कणसाला डोळे कशाला, म्हणून विचारलं, तर पेंटर शांतपणे म्हणाला, "मग राखण कोण करंल?" खतवाल्यानं स्लाइड काही परत केली नाही. पुढं कितीतरी दिवस लोक इंटरवलमध्ये त्या कणसाला डोळा मारायचे.

मध्यंतरी पुण्याहून एक चित्रकलेचे अभ्यासक मला शोधत आले. कुणीतरी त्यांना पेंटरबद्दल सांगितलं होतं. अतिवास्तव की काय म्हणाले, परदेशातल्या कुणाकुणाची नावं घेतली. मग मला विचारलं, खेड्यातल्या माणसात अशी कल्पनाशक्ती आली कुठून? माझं डोकंच फिरलं. म्हटलं, साहेब, ज्याचं घर संध्याकाळी होतं आणि सकाळी नव्हतं, त्यानं घराला पाय काढले तर त्यात कल्पना कसली? साहेब खाली मान घालून लिहायला लागले. मी त्यांना चहासुद्धा विचारला नाही.

आता आमच्या टॉकीजची एक रीत सांगतो. ती समजल्याशिवाय पुढचं समजायचं नाही. मोंढ्यात, म्हणजे अडत बाजारात, कापूस घालायला आलेली माणसं वजनकाटा झाला की मॅटिनीला येऊन थर्डक्लासमध्ये बसायची. पडद्यावरच्या चित्रात काही चुकलं की ही माणसं गप्प बसायची नाहीत. पेंटरनं एकदा बैलगाडी काढली आणि कासरा काढायचा राहिला. झालं. खालून आवाज आला, "अय, कासरा कुठाय? बैल काय तोंडानं हाकायलाय का?" सगळं थेटर हसलं. दुसऱ्या एका चित्रात मोटेला नाडा, म्हणजे ओढायचा दोर, नव्हता, त्यावरही तकरार झाली. उजेडात अडत्यापुढं हूं की चूं न करणारी माणसं, पण अंधारात बसली की चित्राला झापायची.

पेंटरला याचा फार आनंद. पुढं पुढं तर तो मुद्दाम चूक ठेवायला लागला. गाडीचं एक चाक गाळायचा आणि केबिनच्या जिन्यावर कान लावून बसायचा. खालून कुणी ओरडलं की मान डोलवायचा. म्हणायचा, "अंधारात माणसाला खोटं चित्र सहन होत न्हाई, अप्पा. उजेडात होतंय."

मला तेव्हा वाटलं, गंमत करतोय.

अठ्ठ्याहत्तर साली विद्यापीठाला नवं नाव द्यायचा ठराव झाला आणि मराठवाडा पेटला. लोक असंच म्हणतात, पेटला. आपोआप नाही पेटला. माणसांनी पेटवला. गावोगाव दलित वस्त्या जाळल्या. विद्यापीठाची पायरी जन्मात न चढलेल्या माणसांनी विद्यापीठाच्या नावासाठी शेजाऱ्यांची घरं जाळली. पेंटरचं गाव सेलूपासून फार लांब नाही. गावाचं नाव सांगत नाही, कारण ती माणसं अजून आहेत आणि मान वर करून फिरतात.

त्या संध्याकाळी पेंटर सेलूत होता, आमच्या जिन्यावर बसून काचा पुसत होता. तिकडं वस्तीला कुणीतरी सांगावा दिला की आज लक्षण बरं दिसत नाही. सगळे लेकराबाळांना घेऊन ओढ्यात जाऊन लपले. सगळ्यात शेवटी पेंटरचा बाप निघाला. वस्ती रिकामी दिसू नये म्हणून त्यानं आपल्या घरात कंदील पेटता ठेवला. शेजारची एक म्हातारी होती, तिचे पाय धरलेले. तिला उचलून न्यायला लागले तर ती येईना. मी मरायला टेकलेली बाई, माझं कोण काय करतंय, म्हणाली. तिचा मुलगा इकडं सेलूत कापसाच्या जिनिंगवर हमाल होता. ओढ्यातून लोक परत आले तेव्हा वस्तीची राख झालेली होती. म्हातारी त्या आगीतच गेली.

पोलीस आले. गावातल्या शहाण्यांनी हात जोडून सांगितलं, आम्ही काडी लावली नाही, आग आपसूक लागली. मग बापाला विचारलं, घरात कंदील पेटता ठेवला होतास का? म्हातारा खोटं बोलणारा नव्हता. हो म्हणाला. संपलं. कंदील कलंडला, आग लागली, प्रकरण बंद. जिल्ह्यात इतक्या वस्त्या जळत असताना नेमकी हीच तेवढी कंदिलानं कशी जळली, हे विचारावंसं कुणालाही वाटलं नाही. एवढ्या शिकलेल्या माणसांत एकालाही नाही.

पेंटरनं बापाला सेलूत आणलं. रेल्वेच्या रुळांपलीकडं एक खोली होती. मी कधीमधी जायचो. म्हातारा भिंतीशी उभा असायचा आणि खांद्याएवढ्या उंचीवर हात फिरवायचा. तिथं खुंटी नव्हती, काहीच नव्हतं. हात वर न्यायचा, काहीतरी अडकवल्यासारखं करायचा, मग थांबायचा. मग तोच हात खाली जमिनीकडं न्यायचा आणि पुन्हा थांबायचा. मग पोराला विचारायचा, "मी खुंटीला अडकवला व्हता का रं? का खालीच ठिवला?"

"मी न्हवतो तिथं, बा," पेंटर म्हणायचा.

पाहिलंत? गावानं नुसतं घर जाळलं नाही. म्हाताऱ्याच्या डोक्यात शिरून आपलं पाप तिथं बसवून आलं. घाईघाईत कंदील कुठं ठेवला ते त्याला आठवेना. न आठवल्यामुळं आपणच वस्ती जाळली, आपणच त्या म्हातारीला मारलं, असं त्याला वाटायला लागलं. हमाल पोरगा रस्त्यात दिसला की म्हातारा त्याच्याकडं बघून उभा राहायचा. तो पोरगा तोंड फिरवून निघून जायचा. एकदा तर माझ्यादेखत थुंकला. म्हाताऱ्यावर नाही, बाजूला थुंकला, पण थुंकला.

पेंटरला एकच हवं होतं. कंदील कुठं होता, हे बापाला कळायला हवं होतं, आणि ते सांगू शकणारी माणसं फक्त एका गावात होती. ज्यांनी आग लावली त्यांनीच कंदील पाहिला असणार. आता त्यांना जाऊन कोण विचारणार, आणि विचारलं तरी ते कशाला सांगतात?

तर या माणसानं काय करावं? सिनेमा काढायला घेतला.

कॅमेरा नाही, काही नाही. पिक्चरची रिळं गावोगाव फिरून फाटायची. जोडताना तुटके तुकडे मी कापून टाकायचो, जुन्या जाहिरातींचे तुकडेही पडलेले असायचे. ते तो घेऊन जायचा. धुण्याच्या सोड्याच्या कढत पाण्यात टाकून त्यावरच्या नट-नट्या धुऊन काढायचा. फिल्म काचेसारखी स्वच्छ झाली की तिच्यावर बोरूच्या टोकानं चित्र काढायचा. पट्टीच्या कडेला भोकं असतात, चार भोकांत एक चित्र बसतं. नखाएवढं चित्र. आणि पडद्यावर एक सेकंद काही हलवायचं तर अशी चोवीस चित्रं लागतात. मी त्याला म्हटलं, अरे, डोळे जातील तुझे. तर म्हणाला, "जाऊ द्या की. बघायचं मला कुठं हाय?"

दिवसा दुकानांच्या पाट्या रंगवायचा आणि मिळेल त्या वेळात हे. चार-पाच वर्षं गेली असतील. थोडीशी पट्टी झाली की सकाळी मॅटिनीच्या आधी घेऊन यायचा. रिकाम्या थेटरात मी ती चालवायचो. नुसतं मशीन लावायचो, आवाजाचा डबा बंदच असायचा. मुक्या चित्राला आवाज कशाला? सुरुवातीला सगळं उलटं दिसलं. मशीनमध्ये फिल्म डोकं खाली करून जाते, हे मी सांगायला विसरलो होतो आणि तो विचारायला. घरं आभाळाला लटकून चालली होती. तो हसून हसून लोळला. म्हणाला, राहू द्या थोडं असंच, खरं हेच हाय. आणि खरंच त्यातलं थोडं तसंच ठेवलं.

जसजसं चित्र पुढं गेलं तसतसा माझा जीव खाली-वर व्हायला लागला. एका घरात खुंटीला कंदील. कंदिलाला बारीक पाय फुटतात. तो खुंटीवरून खाली उतरतो, घरभर फिरतो, चुलीपाशी जातो आणि दमल्यासारखा आडवा होतो. मग आग. आगीत घरं उठून उभी राहतात, बाजेच्या पायांनी पळत सुटतात. विहीर ओठ मिटून घेते. एका घरात म्हातारी बसलेली, ते घर पळत नाही. ते खाली बसून राहतं.

माझा संताप झाला. म्हटलं, पेंटर, त्यांनी सांगितलं तेच काढलंस की तू. कंदील पडला असंच दाखवायलास. तुझा बाप बघंल तर मरंल.

"बा पण असणार हाय त्या दिवशी," तो म्हणाला. "थर्डक्लासात. त्यांच्यातच बसवणार."

"का पण?"

"खोटं चित्र हाय, अप्पा. सहन व्हायचं न्हाई त्यांना. कुणीतरी बोलंल."

"आणि कुणी नाही बोललं तर?"

त्यानं बोटांवरची शाई पुसली. म्हणाला, मग बाला कळंल की त्याचंच चुकलं. आतासुद्धा तो तेच समजायलाय. मग निदान विचारायचा तरी थांबंल.

मी त्याला त्या दिवशी लय शिव्या दिल्या. बापाचा जुगार खेळतोस का, म्हटलं. पण पट्टी परत दिली नाही. कपाटात ठेवली आणि किल्ली खिशात घातली.

कापसाचा हंगाम आला. त्या गावच्या गाड्या मोंढ्यात लागल्या की हमाली करणारे सांगायचेच. एक दिवस सात-आठ गाड्या एकदम आल्या. माणसं कापूस घालून मॅटिनीला येणार हे नक्की होतं. आमचे शेठ त्या दिवशी परभणीला गेले होते. पिक्चरच्या आधी सरकारी बातमीपट दाखवायचा नियम होता. त्याच्या शेपटीला मी पेंटरची पट्टी जोडली. माझी नोकरी त्या जोडात होती, हे मला माहीत होतं. पण मला त्या माणसांचा इतका राग होता की मी ती जोडताना शीळ घालत होतो.

पेंटरनं बापाला आणून बसवलं. धोतर धुतलेलं, डोक्याला मुंडासं. काय दाखवणार ते बापाला सांगितलं नव्हतं. आजूबाजूला त्याच्याच गावची माणसं होती. एकमेकांना ओळखलं असेल; जो तो पडद्याकडं बघत होता. पेंटर वर माझ्याजवळ येऊन थांबला.

बातमीपट संपला, धरणाचं उद्घाटन झालं, हार घातले, आणि पडद्यावर कंदील आला.

आणि आवाज आला.

मी हबकलोच. मुक्या पट्टीला आवाज कसा? फिल्मच्या एका कडेला आवाजाची बारीक रेघ असते, मशीन ती वाचतं. पेंटरला हे ठाऊक नव्हतं. त्यानं आगीच्या ज्वाळा चित्रातून बाहेर काढत थेट भोकांपर्यंत नेल्या होत्या, आवाजाच्या जागेवरून. सकाळच्या वेळी आवाज बंद असायचा म्हणून मलाही कधी कळलं नाही. आता भोंगा चालू होता, आणि मशीन त्याच्या ज्वाळा वाचत होतं. आधी कंदील चालताना नुसती खरखर. मग आग लागली आणि तडतड सुरू झाली. फाट, तड, तड, फाट. वाळलेल्या तुराट्या, तुरीच्या काड्या, पेटल्यावर येतो तसाच आवाज. वस्तीच्या भिंती तुराट्यांच्याच होत्या.

पेंटरनं माझा दंड धरला. खाली एकही माणूस खोकत नव्हता. घरं पळत होती, विहिरीनं ओठ मिटले. पुन्हा कंदील दिसला, जमिनीवर आडवा पडलेला. आणि थर्डक्लासमधून एक आवाज आला. रागाचा नाही, ओरडून नाही. कासरा विसरल्यावर यायचा तसाच, चूक दाखवणारा.

"कंदील कुठं पडला व्हता? तो तर खुंटीलाच व्हता की."

संपलं. कुणीतरी "ए, गप" म्हणालं. पट्टी संपली, पडदा पांढरा झाला. मी मशीन थांबवलं आणि थेटरातले दिवे लावले. लावायलाच हवे होते. मला तोंडं बघायची होती.

म्हातारा उभा राहिलेला होता. माणसांकडं तोंड करून.

"कोण बोललं?" तो म्हणाला. "पुन्ना एकदा बोल रं, बाबा. मी काय करत न्हाई. पोलिसात जात न्हाई. निस्तं पुन्ना बोल."

कुणी बोललं नाही. सगळे बिडी शोधायला लागले, चपला बघायला लागले. म्हातारा रांगेरांगेनं फिरला. प्रत्येकाच्या तोंडाकडं वाकून बघायचा आणि विचारायचा, "तू का? तू बोललास का?" माना हलत होत्या. माणूस तुमच्यापुढं हात जोडून उभा आहे, त्याला एक वाक्य पाहिजे, तुमच्याच तोंडून निघालेलं वाक्य, आणि तुम्ही चपला बघता? जळत्या घराच्या दारात उभं राहून आत कंदील बघणारे हे डोळे, यांना आता चपलाच दिसत होत्या. शेवटी मागून कुणीतरी शीळ घातली, पिक्चर लावा म्हणून. मी पिक्चर लावला नाही. खाली उतरलो आणि त्या शीळ घालणाऱ्याला गचांडी धरून बाहेर काढला.

दुसऱ्या दिवशी शेठ आले. मोंढ्यातली माणसं माझं गिऱ्हाईक आहेत, तुम्ही त्यांना थेटरात बोलावून चोर ठरवता का, म्हणून गरजले. पट्टी मागितली आणि आवारात उभं राहून कात्रीनं तिचे तुकडे तुकडे केले. चार-पाच वर्षांचं काम, पाच-सात मिनिटांत. मी शेठच्या अंगावर गेलो, डोअरकीपरनं मागून धरलं. नोकरी गेली. गेली तर गेली. पुढं मी पिठाची गिरणी टाकली. पेंटर मात्र तिथं उभा राहून बघत होता, जसं काही दुसऱ्याचंच कापायलेत. जाताना मला म्हणाला, "कापू द्या. बानं ऐकलं ना."

ऐकलं होतं. म्हातारा भिंतीवर हात फिरवायचा थांबला. पण हमाल पोराचं काय? म्हाताऱ्यानं धोशा लावला, त्याला बोलाव, त्याला सांगू दे मला. शेवटी मीच जिनिंगवर गेलो आणि त्याला घेऊन आलो. यायला तयार नव्हता. मी दरडावलं तेव्हा आला.

दारातच उभा राहिला. म्हातारा म्हणाला, "लेका, माझा कंदील खुंटीलाच व्हता. त्यांच्यातलाच एकजण बोलला. तुजी आई माझ्यामुळं न्हाई गेली."

हमाल खाली बघत म्हणाला, "ठावं हाय मला."

"कुणी सांगितलं? मोंढ्यात कळलं का?"

"मोंढ्यात न्हाई. तवापासूनच ठावं हाय. कंदिलानं कुठं सारी वस्ती जळती का?"

पेंटर कोपऱ्यात दौत घेऊन बसला होता, त्यानं बोरू खाली ठेवला. मीच विचारलं, मग इतकी वर्षं म्हाताऱ्याला बघून तोंड का फिरवत होतास?

त्यानं खांद्यावरचं फडकं काढून हातात पिळलं. मग म्हाताऱ्याकडं न बघता म्हणाला, "त्यांच्यावर चिडलो असतो तर काय जगू दिलं असतं का मला? रोज त्यांच्याच गाड्या खाली करतो मी. तुमच्यावर चिडायला कायबी लागत न्हवतं."

माझ्या अंगाची लाहीलाही झाली. हात उगारला होता मी. पण म्हाताऱ्यानं माझा हात खाली केला आणि त्या पोराला आत ओढून बाजेवर बसवला.

"बरं केलंस," म्हातारा म्हणाला. "माझ्यावर चिडून का हुईना, जगलास."

पेंटरला मी आयुष्यात चिडलेला पाहिला नव्हता. खतवाल्यावर नाही, शेठवर नाही. त्या वेळी पाहिला. उठला, शाईची दौत भिंतीवर फेकली आणि बाहेर निघून गेला. कुणावर फेकली, ते मला आजही सांगता यायचं नाही. संध्याकाळी परत आला आणि काही न बोलता भिंत पुसत बसला. शाई काही निघाली नाही.

दोन पावसाळ्यांनी म्हातारा गेला. त्याच आठवड्यात पेंटरही सेलू सोडून गेला. रंगाचे डबे, बोरू, काचा, सगळं खोलीत टाकून. कुणी म्हणालं मुंबईला हलत्या चित्रांच्या जाहिराती करतो, कुणी म्हणालं हैदराबादला पाट्या रंगवतो. मी दोन्हीकडं चौकशी केली. पेंटर म्हटलं की कुणाला काय कळणार? त्याचं खरं नाव सांगितलं तरी कळलं नाही.

चौऱ्याण्णव साली विद्यापीठाचं नाव एकदाचं बदललं. तेही पुरतं नाही. जुनं नाव ठेवलं आणि त्याला नवं जोडलं. सोळा वर्षं, इतकी राख, आणि द्यायचं ते असं हात आखडून. तरी सेलूच्या वस्तीत त्या दिवशी गुलाल उधळला. मी गिरणीत दळण दळत होतो. तो हमाल आला. केस पांढरे झालेले, कपाळाला गुलाल. माझ्या हातावर पेढा ठेवला.

"अप्पा, पेंटरचा कुठं पत्ता लागला का?"

नाही म्हटलं.

तो जायला निघाला आणि दारातून परत फिरला. गिरणीचा आवाज होता म्हणून जवळ येऊन, पण मोठ्यानं बोलला. दळणाला आलेल्या चार माणसांनी ऐकलं. त्यातला एकजण पेंटरच्या गावचा होता, आणि हमालानं त्याच्याकडं बघूनच सांगितलं.

"भेटला तर त्याला सांगा. आता मी त्यांच्यावर चिडलोय."

पेंटर मला भेटला नाही. तुमच्यापैकी कुणाला कुठं भेटला, काचेचे दोन तुकडे घेऊन, तर त्याला एवढं सांगा.